पी-यू-टी पुट, मग बी-यू-टी बट कसं? इंग्रजी स्पेलिंगबद्दल वाचकांचे प्रश्न

इंग्रजी स्पेलिंग आणि उच्चार यांचं जमत का नाही, याबद्दल वाचकांनी विचारलेल्या प्रश्नांची ही उत्तरं. स्पेलिंग शाळेत पाठ करतात तशी अक्षरांच्या नावांनी दिली आहेत. मोठ्यानं म्हणून पाहिली तर लवकर डोक्यात बसतील.

प्रश्न : मुलगी तिसरीत आहे. 'पी-यू-टी पुट, तर बी-यू-टी बुट का नाही?' असं विचारते. 'इंग्रजी असंच असतं' हे उत्तर तिला पटत नाही. काय सांगू?

तिला सांगा, की पूर्वी ते 'बुट'च होतं. सोळाव्या शतकापर्यंत कट, कप, सन, बट या सगळ्या शब्दांत ऱ्हस्व उ होता आणि यू हे अक्षर त्याच आवाजासाठी लिहिलं जात होतं. सतराव्या शतकात लंडन आणि दक्षिण इंग्लंडच्या बोलीत हा उ सैल होत होत आपल्या अ-च्या जवळ आला. पण ज्या शब्दांत उ-च्या आधी प, ब, फ असा ओठांचा वर्ण होता, त्यांतल्या बऱ्याच ठिकाणी जुना उ टिकला. पुढे ल किंवा श असेल तर जास्तच: पुल, फुल, बुल, पुश, बुश. पुट त्यांच्यातलाच. तरी हा बदल सरसकट झाला नाही. पन, फन, बल्ब आणि आपला बट हे ओठांचा वर्ण असूनही बदलले.

उत्तर इंग्लंडमध्ये, लीड्स-मँचेस्टरकडच्या बोलीत, हा बदल झालाच नाही. तिथं आजही कितीतरी लोक कपाला 'कुप' म्हणतात. तिथल्या मुलांना हा प्रश्न पडत नसावा.

आता तिचा पुढचा प्रश्न येईल तो दोन ओंचा, म्हणून आधीच सांगून ठेवतो. फूड, गुड आणि ब्लड या तिन्ही शब्दांत ओ-ओ आहे, कारण तिन्हींत मुळात दीर्घ ओ होता. पंधराव्या-सोळाव्या शतकात या दीर्घ ओ-चा ऊ झाला. त्यानंतर ब्लड आणि फ्लड हे शब्द लवकर ऱ्हस्व झाले आणि वर सांगितलेल्या उ-चा अ होण्याच्या गाडीत चढले. गुड, बुक, फुट हे उशिरा ऱ्हस्व झाले, त्यांची गाडी चुकली, ते उ-वरच राहिले. फूड ऱ्हस्व झालाच नाही. स्पेलिंग मात्र तिघांचंही प्रवासाला निघाल्या दिवशीचं आहे.

प्रश्न : मी जर्मन शिकतो आहे. तिथं ए-ला 'आ', ई-ला 'ए' आणि आय-ला 'ई' म्हणतात. इतर युरोपीय भाषांतही तसंच. मग इंग्रजीतच या अक्षरांची नावं सरकलेली का?

'सरकलेली' हा शब्द तुम्ही अगदी नेमका वापरलात. इंग्रजीतही ती आ, ए, ई अशीच होती. साधारण 1400 ते 1700 या तीनशे वर्षांत इंग्रजीतले सगळे दीर्घ स्वर तोंडात एकेक पायरी वर चढले. ओट्टो येस्पर्सन या डॅनिश भाषाशास्त्रज्ञानं या घडामोडीला 'महास्वरांतर' अशा अर्थाचं नाव दिलं. आ वर सरकून ए झाला, ए-चा ई झाला, ओ-चा ऊ झाला. ई आणि ऊ तर आधीच टोकाला होते. त्यांना वर जायला जागा नव्हती, म्हणून ते फुटून आइ आणि आउ झाले.

शब्द घेऊन पाहा. आजचा 'नेम' तेव्हा 'नामअ' होता. शेवटचा ई उच्चारला जायचा. 'फीट' होता 'फेट', 'टाइम' होता 'टीमअ', 'गूस' होता 'गोस' आणि 'हाउस' होता 'हूस'. स्वर सरकले तशी अक्षरांची नावंही त्यांच्याबरोबर सरकली, कारण अक्षराचं नाव हाही शेवटी एक शब्दच.

आणि नेमकं याच काळात स्पेलिंग गोठलं. विल्यम कॅक्स्टननं 1476 मध्ये वेस्टमिन्स्टरला इंग्लंडमधला पहिला छापखाना काढला. हातानं नकला करणारा लेखनिक आपल्या बोलीप्रमाणे लिहायचा आणि उच्चार बदलला की त्याचं लिहिणंही हळूहळू बदलायचं. छापखान्याला मात्र एक रूप धरून ठेवण्यात सोय होती. सतराव्या शतकाच्या मध्यापर्यंत छापील स्पेलिंग बरंचसं स्थिर झालं, पण स्वर अजून थांबले नव्हते. चालत्या माणसाचा फोटो काढावा आणि पुढे जन्मभर त्याला त्याच पवित्र्यात उभा आहे असं म्हणावं, तसं हे झालं. इंग्रजी स्पेलिंगच्या बहुतेक तक्रारींचं मूळ या एका गोष्टीत सापडतं. बाकीची कारणं छोटी आहेत, पण मजेची.

प्रश्न : नाइफमधला के, नाइटमधला जी-एच, डेटमधला बी, आयलंडमधला एस. ही मुकी अक्षरं कधी बोलत होती का?

काही बोलत होती, काही जन्मापासून मुकी आहेत, आणि काही तर चुकून आत शिरली आहेत. यांची सरमिसळ करू नका. तीन ढीग वेगळे ठेवले तर पाठ करणंही सोपं जातं.

पहिला ढीग खरोखर उच्चारल्या जाणाऱ्या अक्षरांचा. के-एन-आय-एफ-ई हा शब्द 'क्नीफ' असा उच्चारला जायचा. जर्मनमध्ये गुडघ्याला आजही 'क्नी' म्हणतात. इंग्रजीनं तिथला क सतराव्या शतकाच्या सुमारास सोडला. राइट (लिहिणे) आणि राँगमधला डब्ल्यू, वॉक आणि हाफमधला एल, लॅम आणि क्लाइममधला शेवटचा बी हेही सगळे एकेकाळी ऐकू यायचे. नाइटमधला जी-एच म्हणजे 'खुदा' म्हणताना उर्दूभाषक घशातून काढतात तसा ख. जुन्या इंग्रजीत तो नुसत्या एच-नं लिहीत. 1066 मध्ये नॉर्मन लोकांनी इंग्लंड जिंकल्यावर फ्रेंच वळणाच्या लेखनिकांनी पुढे त्याचा जी-एच केला. क्वीन पूर्वी सी-डब्ल्यूनं लिहीत, ती क्यू-यूनं लिहायला लागले तेही त्यांच्याच वळणानं.

दुसरा ढीग पंडितांनी घुसवलेल्या अक्षरांचा. कर्ज या अर्थाचा डेट फ्रेंचमधून आला तेव्हा त्यात बी नव्हता. लोक डी-ई-टी-टी-ई असंच लिहीत. पंधराव्या-सोळाव्या शतकात लॅटिनचं वेड लागलं, 'हा शब्द मूळ देबितुम' म्हणून विद्वानांनी मध्ये बी बसवला. डाउटमधला बी, रिसीटमधला पी आणि सॅमनमधला एल असेच आले. त्यातही सुसंगती नाही. रिसीटला पी मिळाला, पण त्याच कुळातल्या डिसीट आणि कन्सीटला मिळाला नाही. काही ठिकाणी मात्र स्पेलिंगनं उच्चारावर मात केली. फॉल्टमधला एल असाच घुसवलेला होता, आणि लोक तो हळूहळू बोलायला लागले.

तिसरा ढीग निव्वळ चुकांचा. आयलंड हा अस्सल इंग्रजी शब्द आहे, लॅटिनशी त्याचा काही संबंध नाही. 'आइल' या फ्रेंच शब्दाशी त्याचं नातं असेल असं समजून त्यात एस घातला गेला. कुडमध्ये एल कधीच नव्हता. वुड आणि शुडमध्ये आहे म्हणून त्यालाही दिला. थम आणि क्रम (पावाचा चुरा) यांना शेवटचा बी लॅमकडे बघून चिकटला. घोस्टमधला एच कॅक्स्टनच्या छापखान्यातला. कॅक्स्टननं बरीच वर्षं आजच्या बेल्जियम-हॉलंडच्या भागात काढली होती, आणि त्याच्या खिळे जुळवणाऱ्या लोकांना तिथल्या फ्लेमिश भाषेच्या वळणाचा एच सवयीचा होता.

प्रश्न : ओ-यू-जी-एच या चार अक्षरांचे किती उच्चार? विद्यार्थ्यांना सांगता सांगता आम्हीच गोंधळतो.

रोजच्या वापरातले सात धरा: रफमधला अफ, कॉफमधला ऑफ, दो (तरीही) मधला ओ, थ्रूमधला ऊ, बाउ (झाडाची फांदी) मधला आउ, थॉटमधला ऑ आणि थरोमधला शेवटचा अस्पष्ट अ. वर सांगितलेला घशातला ख काही बोलींत गळून पडला आणि काहींत त्याचा फ झाला. लंडनमध्ये सगळ्या मुलखाची माणसं येत, त्यांच्याबरोबर त्यांचे उच्चारही. एका शब्दाला एका बोलीचा उच्चार चिकटला, दुसऱ्याला दुसऱ्या.

वर्गात सातही उच्चारांची यादी फळ्यावर लिहू नका. त्याऐवजी उलट बाजूनं शिकवा. जी-एच-चा फ होतो असे नेहमीचे शब्द फार थोडे आहेत: रफ, टफ, इनफ, कॉफ, ट्रॉफ, लाफ, आणि ब्रिटिश स्पेलिंगमधला ड्राफ्ट. एवढे पाठ करायचे. बाकी शब्दाच्या मध्ये किंवा शेवटी जी-एच दिसला की तो मुका समजायचा. आय-जी-एच दिसलं की हमखास 'आय': नाइट, लाइट, हाय. ई-आय-जी-एच दिसलं की 'ए': एट, वेट, अपवाद हाइट. शब्दाच्या सुरुवातीला जी-एच आला तर नेहमीच ग. मुलांना हसवायचं असेल तर एल-ए-यू-जी-एच-टी-ई-आर लाफ्टर लिहा आणि सुरुवातीला फक्त एक एस जोडा. हसण्याची कत्तल होते: स्लॉटर.

बोलींच्या सरमिसळीचं याहून झकास उदाहरण म्हणजे बी-यू-आर-वाय. याचा उच्चार 'बेरी' आहे, 'बरी' नव्हे. याचं स्पेलिंग पश्चिम इंग्लंडचं आणि उच्चार केंट परगण्याचा. बिझी (बी-यू-एस-वाय) मध्ये स्पेलिंग पुन्हा पश्चिमेचं, उच्चार मिडलंड्सकडचा.

प्रश्न : व्हॉट्सॲपवर फिरतं की जी-एच-ओ-टी-आय याचा उच्चार 'फिश' होऊ शकतो: इनफमधला जी-एच, विमेनमधला ओ, नेशनमधला टी-आय. हे बर्नार्ड शॉनं म्हटलंय का?

शॉच्या नावावर खपतं, पण हा विनोद 1855 च्या एका पत्रातही आहे, आणि शॉचा जन्म 1856 चा.

आता विनोदाच्या पोटातलं पाहा. जी-एच-चा फ शब्दाच्या सुरुवातीला कधीच होत नाही. ओ-चा इ अख्ख्या इंग्रजीत एकट्या विमेनमध्ये होतो. टी-आय-चा श फक्त पुढे स्वर असेल तेव्हा होतो: नेशन, पेशंट, पार्शल. शब्दाच्या शेवटी नाही. म्हणजे हा शब्द 'फिश' होऊच शकत नाही, आणि का होऊ शकत नाही हे नियमांनीच सांगता येतं. इंग्रजीला नियम नाहीत हे दाखवायला निघालेलं उदाहरण ते आहेत हेच दाखवतं. नियमानं वाचलं तर उच्चार होईल 'गोटी'. इगतपुरीजवळच्या आपल्या घोटीचं रोमन स्पेलिंगही तेच आहे.

नियम किती कामाचे, याचा एक आकडाही आहे. 1966 मध्ये अमेरिकेत सतरा हजारांवर शब्द संगणकाला देऊन, नुसत्या ध्वनीवरून नियमानं स्पेलिंग करायला लावलं होतं. सुमारे निम्मी बरोबर आली. उरलेल्यांपैकी पुष्कळांत चूक एकाच ध्वनीची होती.

प्रश्न : 'कर्नल'मध्ये आर कुठून आला?

मूळ इटालियन शब्द 'कोलोनेल्लो', म्हणजे सैन्याच्या रांगेचा प्रमुख. फ्रेंचांनी त्याचं 'कोरोनेल' केलं आणि सोळाव्या शतकात इंग्रजीनं ते तसंच घेतलं. नंतर इटालियन रूप 'शुद्ध' म्हणून स्पेलिंगमध्ये एल बसवला, तोंडात आर राहिला. मराठीनं कानाला ऐकू आलं तेच लिहिलं, हे बरं केलं. 'लेफ्टनंट'मधला फही असाच कानावरचा, ब्रिटिश उच्चारातला; अमेरिकन लोक 'लूटेनंट' म्हणतात.

प्रश्न : मराठी माध्यमाच्या पहिली-दुसरीला इंग्रजी शिकवते. मुलं एस-ए-टी अशी अक्षरं ओळखतात, पण शब्द वाचता येत नाही. सुरुवात कुठून करू?

अक्षरांच्या नावांनी वाचता येत नाही, कारण 'एस, ए, टी' कितीही वेगानं म्हटलं तरी 'सॅट' होत नाही. आधी ध्वनी शिकवा, नावं मागाहून. इंग्लंडच्या शाळांत ध्वनींवरून वाचन शिकवतात त्यात पहिले सहा बहुधा एस, ए, टी, पी, आय, एन असतात. एवढ्या सहांतून सॅट, पिन, टॅप, टिप, नॅप, सिट, पॅन, स्पिन असे कितीतरी शब्द तयार होतात, म्हणून हा क्रम.

मराठी शिक्षिकेकडे एक हत्यार आयतंच आहे: पायमोडकं अक्षर. बहुतेकांची चूक इथं होते, की एस म्हणजे 'स' आणि टी म्हणजे 'ट' असं शिकवलं जातं. मग मूल 'स-ॲ-ट' जोडायला जातं आणि मध्ये नको ते अ शिरतात. फळ्यावर स् + ॲ + ट् असं लिहा. ज्यांना बाराखडी येते त्यांना हे जोडणं नवं नाही. मात्र हा आधार पहिले दोन-तीन महिनेच ठेवा. रोमन शब्दाखाली कायम देवनागरी लिहिलं की मूल खालचंच वाचतं.

कानाची तयारी वेगळी करावी लागते. आपल्याकडे बॅट आणि बेट, शिप आणि शीप, कॉट आणि कोट यांत घोटाळा होतो. मराठीत इ-ई लिहिताना वेगळे असले तरी बोलताना आपण तो फरक फारसा पाळत नाही, त्यामुळे शिप-शीप सगळ्यात उशिरा सुधारतं. रोज पाच मिनिटं नुसतं ऐकून हात वर करायचा खेळ पुरे.

मग नियम. एका आठवड्यात एकच. त्या नियमाचे आठ शब्द आणि अपवादाचे दोन, यापेक्षा जास्त नको.

शेवटचा मुका ई: मॅडला ई लावला की मेड, पिनचं पाइन, हॉपचं होप. हा ई जुन्या 'नामअ'मधलाच, आता स्वतः गप्प राहून आधीच्या स्वराला त्याचं सरकलेलं नाव उच्चारायला लावतो. हॅव, गिव्ह, लव्ह यांत तो असं करत नाही, कारण तिथं तो दुसऱ्याच कामाला आहे. इंग्रजी शब्द व्ही-वर संपवत नाहीत, म्हणून तो शेपूट धरून बसलाय. लव्हमध्ये यू-ऐवजी ओ का, तर जुन्या हस्ताक्षरात यू, व्ही, एन, एम ही सगळी नुसत्या उभ्या रेघांची दिसायची. ती शेजारी आली की वाचता येईना, म्हणून लेखनिक यू-च्या जागी ओ लिहीत, असं बहुतेक अभ्यासक मानतात. सन (मुलगा), कम, मंक, हनी, वंडर ही सगळी त्याच रोगाची लक्षणं.

दुप्पट व्यंजन: हॉपिंगमध्ये दोन पी, होपिंगमध्ये एक. दोन पी म्हणजे मधली भिंत. पलीकडच्या आय-ला अलीकडचा ओ लांबवता येत नाही. मोठ्या मुलांना एवढं जास्तीचं सांगा, की शेवटच्या अवयवावर (उच्चारातल्या तुकड्यावर) जोर असेल तरच सहसा दुप्पट होतं: बिगिनिंगमध्ये दोन एन, पण ओपनिंगमध्ये एक.

सी आणि जी: पुढे ई, आय किंवा वाय आला की सी-चा स होतो. हा नियम जवळपास पोलादी आहे. म्हणून तर नोटिसेबलमध्ये मधला ई टिकवावा लागतो आणि पिकनिकिंगमध्ये के घालावा लागतो. जी-चा ज हा तितका भरवशाचा नाही. जेम, जायंट हे फ्रेंचकडून आलेले शब्द नियम पाळतात. गेट (मिळवणे), गिव्ह, गर्ल हे घरचे, ते पाळत नाहीत.

तीन अक्षरांची अट: इन, टू, बी, सो असे नुसते जोडकाम करणारे शब्द दोन अक्षरांत भागतात. पण वस्तू किंवा क्रिया सांगणाऱ्या शब्दाला सहसा किमान तीन अक्षरं लागतात. म्हणून खानावळीच्या इनला दोन एन, मधमाशीच्या बीला दोन ई, एगला दोन जी, ॲडला दोन डी. मुलांना हा नियम फार आवडतो. गो, डू आणि ऑक्स हे अपवाद त्यांनाच शोधू द्या.

अपवादाचा शब्द अख्खा घोकायला लावू नका. 'सेड'मध्ये एस आणि डी सरळच आहेत, वाकडं आहे ते फक्त मधलं ए-आय. तेवढ्याला गोल करा. मग पाहा, झाका, लिहा, ताडून बघा. वीस वेळा लिहून काढायला लावलं तर दहाव्या ओळीपासून हात चालतो आणि डोकं झोपतं.

प्रश्न : स्पर्धा परीक्षेच्या मुलाखतीची तयारी करतोय. स्पेलिंग बरोबर येतं, तरी 'उच्चार मराठी वळणाचे' असं सांगतात. नेमकं काय सुधारू?

व्यंजनांच्या मागे लागू नका. जोर, म्हणजे शब्दाचा आघात, आधी सुधारा. मराठीत आपण सगळे अवयव साधारण सारखे उच्चारतो. इंग्रजीत एक अवयव ठळक आणि बाकीचे पुसट. त्या पुसट जागी ए, ई, ओ, काहीही लिहिलेलं असलं तरी एक अस्पष्ट अ उरतो. फोटोग्राफमध्ये जोर पहिल्या अवयवावर, तर फोटोग्राफीमध्ये दुसऱ्यावर, म्हणून उच्चार जवळपास 'फटॉग्रफी' होतो.

शेवटाकडे पाहून जोर ओळखायचे दोन ठोकताळे: शेवटी शन, इक किंवा इटी आलं तर जोर त्याच्या लगेच आधीच्या अवयवावर (एज्युकेशनमध्ये 'के', इकॉनॉमिकमध्ये 'नॉ', अबिलिटीमध्ये 'बि'). शेवटी ई-ई किंवा ई-ई-आर आलं तर जोर त्याच्यावरच (एम्प्लॉयी, इंजिनिअर). पॉलिटिक्स, ॲरॅबिक असे थोडे अपवाद आहेत. रेकॉर्ड, परमिट, ऑब्जेक्ट असे शब्द नाम असताना पहिल्या अवयवावर जोर घेतात, क्रियापद असताना दुसऱ्यावर.

हमखास चुकणारे काही: 'डेव्हलप' नव्हे, डिव्हेलप. डिटरमाइन नव्हे, डिटर्मिन. पर्चेस नव्हे, पर्चस. व्हिलेज, लँग्वेज, मेसेज यांत शेवटी 'एज' नाही, 'इज' आहे. बाँब आणि टूम यांतला शेवटचा बी मुका. भूतकाळाचा ई-डी तीन तऱ्हांनी: वॉक्ट, प्लेड, वाँटिड. 'वॉकेड' ऐकलं की ऐकणाऱ्याला लगेच कळतं, की हा शब्द तुम्ही डोळ्यांनी शिकलात.

शब्दकोशात उच्चार पाहताना छोटी उभी रेघ शोधा. ती ज्या अवयवाच्या आधी असते त्यावर जोर. उलटा ई दिसला की तो अस्पष्ट अ. ही दोन चिन्हं ओळखता आली तरी निम्मं काम झालं.

प्रश्न : इंग्रज 'पूना' दोन ओंनी लिहीत, आता आपण पी-यू-एन-ई लिहितो. परदेशी माणूस ते 'प्यून' वाचतो. जुनंच बरं नव्हतं का?

इंग्रज आले तेव्हा त्यांनी कानावर पडलेलं आपल्या घरच्या पद्धतीनं लिहिलं: ऊ-साठी ओ-ओ, ई-साठी ई-ई, आणि अ-साठी यू, म्हणजे बटमधला यू. म्हणून पूना, किर्की (खडकी), अहमदनगरच्या 'नगर'मध्ये यू आणि दोन जी, जबलपूरच्या 'जब'मध्ये यू. पंजाबच्या स्पेलिंगमधला यू आजवर टिकलेला त्याच काळातला आहे. 1870 च्या दशकात सरकारनं विल्यम हंटरची पद्धत स्वीकारली. तिच्यात व्यंजनं इंग्रजीसारखी, स्वर मात्र न सरकलेल्या युरोपीय भाषांसारखे: ए म्हणजे अ किंवा आ, ई म्हणजे ए, यू म्हणजे उ. पी-यू-एन-ई आणि टी-एच-ए-एन-ई ही स्पेलिंग त्या वळणाची आहेत. इटालियन माणूस पी-यू-एन-ई जवळपास बरोबर वाचेल. अडखळतो तो इंग्रजच. आपल्या गावांची नावं आपल्याला सगळ्या जगासाठी एका पद्धतीनं लिहायची आहेत, तेव्हा आजचंच बरं.

प्रश्न : मराठी जशी बोलतो तशी लिहितो. इंग्रजांना एकदाच बसून स्पेलिंग दुरुस्त का करता येत नाही?

पहिलं विधान जरा तपासू. 'चार' आणि 'चारा' यांतला च एकच लिहितो, उच्चार वेगळे करतो. 'जग' म्हणजे दुनिया आणि 'जग' म्हणजे जिवंत राहा, लिहायला एकच. सिंह लिहितो, सिंव्ह म्हणतो. 'घर' लिहितो आणि शेवटचा र पायमोडका उच्चारतो. तरी मराठी पुष्कळ सरळ आहे हे खरं, आणि त्याचं एक कारण म्हणजे आपण मुकी अक्षरं काढून टाकू शकलो. जुन्या पुस्तकांत घरांत, नांव, पांच असे न उच्चारले जाणारे अनुस्वार दिसतात. तेही इंग्रजीतल्या मुक्या अक्षरांसारखेच व्युत्पत्तीची आठवण म्हणून होते. 1962 च्या लेखननियमांनी ते गेले. मराठी साहित्य महामंडळानं नियम केले, सरकारनं मान्य केले, पाठ्यपुस्तकांनी उचलले.

इंग्रजीत असं सांगणारं कुणी नाही. 1712 मध्ये जोनाथन स्विफ्टनं भाषा सांभाळायला एक मंडळ असावं असं सुचवलं. ते झालं नाही. सॅम्युएल जॉन्सनच्या 1755 च्या कोशानं रूढ स्पेलिंग त्याच्या विसंगतींसकट पक्कं केलं. अमेरिकेत नोआ वेब्स्टरनं कलरमधला यू काढला, सेंटरची अक्षरं उलटवली, ते टिकलं; विमेनला डब्ल्यू-आय-एम-एम-ई-एन करा म्हणाला, ते कुणी ऐकलं नाही. अध्यक्ष थिओडोर रूझवेल्टनं 1906 मध्ये सरकारी छपाईत तीनशे शब्द सोपे करायचा हुकूम काढला. वर्तमानपत्रांनी टर उडवली, काँग्रेसनं हात आखडला, हुकूम मागे गेला. ब्रिटनच्या संसदेत 1949 मध्ये स्पेलिंग सुधारणेचं विधेयक 84 विरुद्ध 87 मतांनी पडलं.

समजा उद्या मंडळ बसलं, तरी पहिल्याच दिवशी भांडण होईल: कोणाचा उच्चार? 'कार'मधला शेवटचा आर लंडनमध्ये बोलत नाहीत, स्कॉटलंड आणि अमेरिकेत बोलतात. शेड्यूल म्हणायचं की स्केजूल? आत्ताचं वाकडं स्पेलिंग कुणाच्याच उच्चाराचं नाही, म्हणून ते सगळ्यांना चालतं. शिवाय ते शब्दांची नाती दाखवतं. साइनमधला मुका जी सिग्नेचरमध्ये बोलतो, ऑटममधला एन ऑटम्नलमध्ये, मसलमधला सी मस्क्युलरमध्ये. उच्चाराप्रमाणे लिहिलं तर ही भावंडं एकमेकांना ओळखणार नाहीत. (पाठांतरालाही हे वापरा. मुकं अक्षर विसरायला होत असेल तर ते बोलणारा भाऊबंद शोधा.)

याची किंमत मुलं मोजतात, हे मात्र नाकारता येत नाही. 2003 मध्ये प्रसिद्ध झालेल्या तेरा युरोपीय भाषांच्या अभ्यासात पहिल्या वर्षाअखेर बहुतेक देशांतली मुलं साधे शब्द जवळपास बिनचूक वाचत होती. स्कॉटलंडमधली इंग्रजी वाचणारी मुलं सुमारे 34 टक्के.

प्रश्न : परीक्षेत अमेरिकन स्पेलिंग लिहिलं तर चालतं का?

आपल्या पाठ्यपुस्तकांत ब्रिटिश वळण आहे, तेच लिहा: कलरमध्ये यू, सेंटरच्या शेवटी आर-ई, ट्रॅव्हल्डमध्ये दोन एल. ऑर्गनाइझ झेड-नं लिहिलं तर ती चूक नाही. ऑक्सफर्डचे कोश स्वतः झेड वापरतात. पण एका उत्तरपत्रिकेत एकच पद्धत ठेवा, आणि संगणकावर लिहीत असाल तर आधी भाषेची सेटिंग पाहा. ती बहुधा अमेरिकेची असते आणि गुपचूप यू काढून टाकते.